गेम चालू झाला म्हणजे बॅकअप नीट आहे असं नाही: पीएस१, पीएस२ (प्लेस्टेशन १ आणि २) च्या डिस्कच्या कॉप्या कशा तपासायच्या

दिवाळीच्या सुट्टीत मावसभाऊ घरी आला होता, फराळ झाला, मग नेहमीसारखं जुने गेम लावायची टूम निघाली. हार्डडिस्कवर माझ्या सगळ्या पीएस१ च्या डिस्कच्या कॉप्या आहेत, त्यातला एक रेसिंगचा गेम एम्युलेटरवर (कॉम्प्युटरवर कन्सोलची नक्कल करणाऱ्या सॉफ्टवेअरवर) लावला, लोगो आला, मेनू आला, गाडी सुटली, सगळं झकास. आणि पाचव्या रेसला लोडिंगवर जे अडकलं ते अडकलंच. तो म्हणाला, "दादा, एम्युलेटरचा बग असेल." मीही तेच धरून दोन दिवस सेटिंग्ज खालीवर करत बसलो, व्हर्जन बदललं, बायोस (एम्युलेटरला लागणारी कन्सोलची मूळ सिस्टम फाइल) बदललं, काही उपयोग नाही. एम्युलेटर बिचारा बरोबरच होता, माझी कॉपीच गंडलेली होती. २०१४ मध्ये लॅपटॉपच्या ड्राइव्हमधून काढलेली, आणि तेव्हा मी तपासणी म्हणून काय केलं होतं तर गेम सुरू होतो का बघितलं. झाला सुरू, लागलो पुढच्या डिस्कला.

ही चूक जवळपास सगळेच करतात म्हणून लिहितोय. गेम सुरू व्हायला डिस्कवरचा अगदी थोडा भाग लागतो, उरलेल्या शेकडो एमबी मध्ये कुठेही भोक पडलेलं असू शकतं आणि ते तुम्हाला कळणार कधी, तर तुम्ही त्या लेव्हलला पोचल्यावर. तोपर्यंत मूळ डिस्क कुणाला तरी दिलेली असते नाहीतर तिच्यावर आणखी चार चरे पडलेले असतात.

हे सगळं स्वतः विकत घेतलेल्या डिस्कच्या स्वतः केलेल्या कॉपीबद्दल चाललंय, हे आधीच सांगून ठेवतो.

सगळ्यात आधी फुकटातली तपासणी, म्हणजे फाइलची साइझ. फाइलवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, आणि जीबीतला नाही तर बाइटमधला पूर्ण आकडा घ्या. पीएस२ ची डीव्हीडी असेल तर आयएसओचा (डिस्कच्या एका फाइलमधल्या कॉपीचा) आकडा २०४८ ने पूर्ण भागला गेला पाहिजे, सीडी असेल आणि बिन-क्यू मध्ये (डेटाची बिन फाइल आणि ट्रॅकची यादी असलेली क्यू फाइल) काढली असेल तर बिनचा आकडा २३५२ ने. बाकी उरली तर फाइल अर्धवट आहे, पुढचं काही बघायचीच गरज नाही. आणि आकडा बरोबर ४,२९४,९६७,२९५ च्या आसपास येऊन थांबला असेल तर तुमचा पेनड्राइव्ह फॅट३२ या जुन्या फॉरमॅटचा आहे, त्यात याच्यापेक्षा मोठी फाइल मावतच नाही. अशा वेळी कॉपी करताना विंडोज सहसा बोंब मारतं पण प्रत्येक सॉफ्टवेअर मारेलच असं नाही. आयएसओ सेव्हन-झिप या झिप फाइली उघडायच्या सॉफ्टवेअरमध्ये उघडून बघितली आणि डेटा मध्येच संपला अशी तक्रार आली तरी तोच अर्थ.

आता २३५२ आणि २०४८ ही काय भानगड आहे ते जरा नीट समजून घ्या, कारण पीएस१ वाल्यांची निम्मी दुखणी इथेच आहेत. सीडीवरचा एक सेक्टर, म्हणजे डेटाचा एक तुकडा, २३५२ बाइटचा असतो. साध्या डेटा सीडीत त्यातले २०४८ बाइट खरा डेटा, आणि बाकीच्यात सुरुवातीची खूण, पत्ता, चूक पकडायचे ४ बाइट आणि चूक दुरुस्त करायचे २७६ बाइट. आता आयएसओ काढताना सॉफ्टवेअर काय करतं, तर प्रत्येक सेक्टरमधले २०४८ ठेवतं आणि बाकीचं टाकून देतं. डीव्हीडीला हे चालतं, साध्या डेटा सीडीलाही चालतं. पण पीएस१ च्या डिस्कवर व्हिडिओ आणि काही ऑडिओ वेगळ्या प्रकारच्या सेक्टरमध्ये भरलेला असतो, तिथे एका सेक्टरमध्ये २३२४ बाइट खरा माल असतो, दुरुस्तीचे बाइट नसतातच. त्याची आयएसओ काढली की प्रत्येक सेक्टरमागे २७६ बाइट कापले गेले. गेम सुरू होतो, खेळताही येतो, फक्त मधले सिनेमे खरखरतात किंवा आवाजच गायब. म्हणून पीएस१ ची कॉपी आयएसओ असेल तर तपासत बसू नका, सरळ परत काढा, बिन-क्यू मध्ये.

आता मुख्य काम, हॅश. हॅश म्हणजे फाइलच्या अंगठ्याचा ठसा समजा, आत एक बिट जरी बदलला तरी ठसा पूर्ण वेगळा येतो. सीआरसी३२ चा ठसा ८ अक्षरांचा, एमडी५ चा ३२ आणि एसएचए-१ चा ४०. नेटवर कुणीतरी तुम्हाला सांगेल की एमडी५ आणि एसएचए-१ आता मोडलेत, वापरू नका. ते खरं आहे पण ते कुणी मुद्दाम फसवायला बसलं तर, तुमच्या डिस्कवरचा चरा काही क्रिप्टोग्राफी शिकून आलेला नाही. आपल्या कामाला एसएचए-१ भरपूर झालं.

काढायचा कसा, तर विंडोजवर सेव्हन-झिप टाकलेलं असेलच, फाइलवर राइट क्लिक केलं की त्याच्या मेनूत सीआरसी एसएचए असा एक भाग असतो, तिथून एसएचए-१ निवडा आणि चहा ठेवून या, कारण जुन्या हार्डडिस्कवर चार जीबीच्या फाइलला मिनिटभर तरी लागतोच. लिनक्सवाल्यांना एसएचए१सम ही कमांड माहीतच असेल.

ठसा आला. आता काय? इथे बरेच जण थांबतात आणि तो आकडा नोटपॅडमध्ये सेव्ह करून समाधानी होतात. पण बघा ना, ठसा फक्त एवढंच सांगतो की ही फाइल तीच आहे का, ही फाइल बरोबर आहे का ते सांगत नाही. खराब कॉपीचाही एक ठसा असतोच, आणि तो दरवर्षी तंतोतंत जुळत राहणार. जुळवायला दुसरं काहीतरी पाहिजे, आणि ते मिळायच्या दोन जागा आहेत.

पहिली जागा म्हणजे रीडम्प. जगभरातल्या हौशी लोकांनी स्वतःच्या ओरिजिनल डिस्क वाचून प्रत्येक ट्रॅकची साइझ, सीआरसी३२, एमडी५ आणि एसएचए-१ तिथे नोंदवून ठेवलेत. गेम नाही मिळत तिथे, फक्त ठसे मिळतात. तुमच्या डिस्कचा सीरियल नंबर शोधा, आपल्याकडे ऑफिशियल आलेल्या डिस्क पाल रीजनच्या, म्हणजे युरोपवाल्या गटातल्या, त्यामुळे बहुतेकांवर एसएलईएस किंवा एससीईएस ने सुरू होणारा नंबर सापडेल, ते पान उघडा आणि ठसा शेजारी ठेवून जुळवा. हे हाताने करायचा कंटाळा असेल तर पीसीएसएक्स२ आणि डकस्टेशन या दोन्ही एम्युलेटरमध्ये गेमच्या प्रॉपर्टीजमध्ये व्हेरिफायची सोय आहे, ते स्वतःच ठसा काढून यादीशी जुळवून सांगतात. निन्टेंडोच्या गेमक्यूब आणि वी वाल्यांसाठी डॉल्फिन एम्युलेटरमध्ये पण आहे. आणि दोनशे-तीनशे डिस्क असतील तर रीडम्पची डॅट फाइल (सगळ्या ठशांची यादी) घेऊन रॉमव्हॉल्ट नाहीतर सीएलआरमेमप्रो मध्ये टाका, पूर्ण फोल्डर एका झटक्यात तपासून होतो.

जुळलं तर विषय संपला, तुमची कॉपी बरोबर आहे, वेगळ्या देशात वेगळ्या ड्राइव्हमध्ये वेगळ्या माणसाने वाचलेल्या डिस्कशी ती बाइट टू बाइट सारखी निघाली म्हणजे आता शंका घेण्यात अर्थ नाही.

नाही जुळलं तर मात्र लगेच डिस्क फेकू नका. न जुळायची कारणं बरीच असतात आणि त्यातली काही निरुपद्रवी असतात. एकाच गेमच्या दोन आवृत्त्या असतात, पहिली निघाली तेव्हाची एक आणि नंतर बग काढून प्लॅटिनम या स्वस्त आवृत्तीत आलेली एक, कधीकधी सीरियल तोच पण आतला माल वेगळा. पीएस२ ची आयएसओ सेव्हन-झिपमध्ये उघडा, सिस्टम डॉट सीएनएफ नावाची छोटीशी फाइल दिसेल, ती नोटपॅडमध्ये उघडलीत की आत व्हर्जन लिहिलेलं असतं. शिवाय डिस्क उलटी करून मधल्या भोकाजवळची चकचकीत गोल पट्टी उजेडात तिरकी धरा, तिथे बारीक अक्षरात कोड कोरलेला असतो, तो रीडम्पच्या पानावरच्या रिंग कोडशी जुळवा. तुमची आवृत्ती त्यात नसेलच तर कॉपीत खोट आहे असं लगेच म्हणता येत नाही.

दुसरं कारण ऑडिओ ट्रॅकचं. ज्या गेममध्ये गाणी साध्या सीडी ऑडिओसारखी भरलेली असतात तिथे बऱ्याचदा पहिला ट्रॅक, म्हणजे डेटाचा, तंतोतंत जुळतो आणि दोन नंबरपासून पुढचे सगळे चुकतात. घाबरू नका. प्रत्येक ड्राइव्ह ऑडिओ वाचताना थोडा आधी नाहीतर थोडा नंतर सुरू करतो, याला ऑफसेट म्हणतात, गाणं तेच पण शेकडो सॅम्पल इकडे किंवा तिकडे सरकलेलं. कानाला कळणार नाही पण ठसा पूर्ण बदलतो. इमेजबर्न हे कॉपी काढायचं सॉफ्टवेअर हे बघत बसत नाही. रीडम्पर किंवा डिस्कइमेजक्रिएटर ही टूल्स ऑफसेट धरून वाचतात, कमांड टाइप करायचा वैताग असेल तर एमपीएफ नावाचं खिडकीवालं सॉफ्टवेअर त्यांच्यावर बसवलेलं आहे, ते घ्या.

आणि तिसरं कारण, ज्याबद्दल कुणी बोलत नाही, तुमची डिस्क ओरिजिनल नाहीच. दोन हजारच्या दशकात आपल्याकडे नकली डिस्क चालाव्यात म्हणून चिप बसवलेला पीएस२ आणि प्लॅस्टिकच्या पिशवीत मिळणाऱ्या डिस्क हाच राजमार्ग होता, लहान असताना आपल्याला फरक कळत नव्हता. त्या डिस्कमध्ये व्हिडिओ काढलेले असायचे, काहीतरी बदललेलं असायचं, त्यांचा ठसा कुठेच जुळणार नाही. खालची बाजू जांभळट किंवा हिरवट असेल आणि आतल्या पट्टीवर गेमशी संबंध असलेला काहीच कोड नसेल तर समजून जा.

आता दुसरी जागा. समजा गेम यादीत नाहीच. २००९ मध्ये खास भारतासाठी पीएस२ वर दोन-चार गेम निघाले होते, हनुमान: बॉय वॉरियर, देसी अड्डा वगैरे. असली डिस्क कुणाकडे पडून असेल तर पहिलं काम म्हणजे ती दोन वेगवेगळ्या ड्राइव्हमध्ये वाचा आणि दोन्ही फाइलींचे ठसे जुळवा. वेगवेगळ्या हे महत्त्वाचं. एकाच ड्राइव्हमध्ये दोनदा वाचून जुळलं त्याला मी अर्धाच मार्क देतो, कारण तोच ड्राइव्ह त्याच चऱ्याला दोन्ही वेळा तसाच अडखळू शकतो, आणि वाचता न आलेल्या जागी सॉफ्टवेअर गपचूप शून्यं भरत असेल तर दोन्ही वेळा तीच शून्यं येणार, ठसे जुळणार आणि तुम्ही खूश. दुसरा ड्राइव्ह नसेलच तर निदान दोन वाचनांच्या मध्ये डिस्क बाहेर काढा, पुसा, स्पीड कमी करा, नाहीतर कॅशमधलंच, म्हणजे आधीच्या वाचनातलं तात्पुरतं साठवलेलंच, परत यायची शक्यता असते.

आता माझ्या त्या रेसिंगवाल्या डिस्ककडे येतो, कारण खरी मजा तिथे आली. मित्राकडून दुसरा ड्राइव्ह आणला, परत डंप, म्हणजे डिस्कची कॉपी, काढला, हा रीडम्पशी जुळला. म्हणजे माझ्याकडे आता एक बरोबर आणि एक चूक अशा दोन फाइली, साइझ अगदी सारखी. म्हटलं बघूया तरी नेमकं काय चुकलंय. विंडोजच्या कमांड प्रॉम्प्टमध्ये एफसी म्हणून कमांड आहे, तिला स्लॅश बी दिलं की दोन फाइली बाइट-बाइट ताडून फरक छापते, पहिल्या रकान्यात पत्ता, मग पहिल्या फाइलमधला बाइट, मग दुसऱ्यातला. पहिलीच ओळ आली १सी३९एफ८०१, जुन्या फाइलमध्ये ००, नव्यात एफएफ. खाली नुसती रांग, आणि जुन्या फाइलच्या रकान्यात सगळीकडे ०० ००.

पत्ता हेक्समध्ये (१६ अंकांच्या पद्धतीत) असतो, कॅल्क्युलेटर प्रोग्रामर मोडला टाकून साधा आकडा केला तर ४७३,५६१,०८९. त्याला २३५२ ने भागलं, उत्तर २०१,३४४ आणि बाकी १. बाकी १ बघून मी दोन मिनिटं डोकं खाजवलं, खराब सेक्टर पहिल्या बाइटपासून खराब हवा, दुसऱ्यापासून कसा? मग ट्यूब पेटली. प्रत्येक सेक्टरच्या सुरुवातीची १२ बाइटची खूण ठरलेली आहे, आधी एक ००, मग दहा एफएफ, मग परत ००. पहिला बाइट दोन्हीकडे शून्यच, म्हणून तो फरकात दिसलाच नाही! म्हणजे जुन्या सॉफ्टवेअरने अख्खे सेक्टर शून्याने भरून टाकले होते आणि शेवटी मला सक्सेसफुल असा मेसेज दाखवला होता.

पुढची यादी बघितली तर एकूण २४ सेक्टर खराब, पण सलग नाहीत, तीन-तीनचे घोळके, आणि दोन घोळक्यांमध्ये दर वेळी पंधरा-सोळा सेक्टर व्यवस्थित. सीडी सेकंदाला ७५ सेक्टर वाचते, म्हणजे २०१,३४४ वा सेक्टर येतो ४४ मिनिटं ४४ सेकंदांना, आणि सीडी आतून बाहेर वाचली जाते, तर ही जागा बाहेरच्या कडेपासून सेंटीमीटरभर आत पडते. तिथे एका फेरीत साधारण १८-१९ सेक्टर बसतात. डिस्क ट्यूबलाइटखाली धरली, बरोबर त्या जागी कडेला समांतर असा बारीक चरा, नखाएवढाही नाही. प्रत्येक फेरीला तोच चरा समोर आला आणि प्रत्येक वेळी तीन सेक्टर खाऊन गेला. पाचवी रेस त्या २४ सेक्टरमध्ये अडकली होती.

यातून एक कामाची गोष्ट, डिस्क पुसताना गोल गोल पुसू नका. मधून बाहेर, सरळ रेषेत, चष्मा पुसायच्या मऊ फडक्याने. आडवा चरा एका फेरीत थोडंसंच खातो आणि ड्राइव्ह ते भरून काढतो, गोलाकार चरा मात्र सलग डेटावर चालत जातो. टूथपेस्टने घासायचा घरगुती उपाय मी डिस्क मरणाला टेकल्याशिवाय करणार नाही. आणि सीडीला वरच्या, छापील बाजूचा चरा जास्त वाईट, कारण चकाकणारा थर तिथेच पातळ लॅकरखाली असतो. डीव्हीडीत तो दोन प्लॅस्टिकच्या थरांच्या मध्ये असतो, तिला त्या बाबतीत कमी भीती. पावसाळ्यात कपाटातल्या कव्हरांना बुरशी धरते हे मुंबई-कोकणवाल्यांना सांगायला नको, नव्या बुटांच्या खोक्यात येणाऱ्या सिलिका जेलच्या पुड्या टाकत जा.

डंप काढताना लॉग पण वाचा हो, कुणी वाचत नाही. रीडम्परच्या लॉगमध्ये स्कझी आणि सी२ असे चुकांचे आकडे येतात, दोन्ही शून्य असतील तर छान, नसतील तर ठसा काढायच्या आधीच परत पुसून परत वाचा.

आता कॉम्प्रेस करण्याबद्दल. सीएचडी (डिस्कच्या कॉपीची दाबून लहान केलेली फाइल) करून जागा वाचते, मीही केलंय, पण क्रम पाळा. आधी बिन किंवा आयएसओ तपासा, मग सीएचडी बनवा. सीएचडी बनवणाऱ्या सीएचडीमॅन मध्ये व्हेरिफाय आहे आणि लोक ते चालवून पास झालं की नाचतात, पण ते फक्त एवढंच बघतं की सीएचडी बनवल्यापासून बदलली नाही. आत शून्यं भरलेली बिन घातली असेल तर ती शून्यं अगदी सुरक्षित आहेत असं तो सांगेल. शिवाय सीडीच्या सीएचडीचा ठसा मूळ बिनशी जुळत नाही, आत मांडणी वेगळी असते, तेव्हा तो रीडम्पवर शोधत बसू नका, एक्स्ट्रॅक्ट करून मग जुळवा. तसंच पेनड्राइव्हवरून पीएस२ ला खेळायला तुकडे केलेल्या फाइली, त्यांचाही ठसा कुठे जुळणार नाही.

एवढं करून कॉपी बरोबर निघाली की ती तशीच राहते का हा वेगळा प्रश्न. इथे तो नोटपॅडमधला ठसा उपयोगी येतो. फोल्डरमध्येच ठशांची फाइल ठेवा, सेव्हन-झिपची नवीन व्हर्जन ती एसएचए-२५६ मध्ये करून देतात आणि नंतर त्याच मेनूतून टेस्ट करता येते. मी दर गणपतीच्या आधी एकदा सगळं चालवतो, रात्री लावून झोपायचं. दोन वर्षांपूर्वी चौदा फाइली लाल आल्या, माझं धाबंच दणाणलं, परत चालवलं तर वेगळ्याच नऊ लाल. तीच फाइल दर वेळी वेगळा ठसा देत असेल तर फाइल खराब नाही, वाचणारं काहीतरी खराब आहे, रॅम, केबल नाहीतर हब. माझ्याकडे स्वस्तातला यूएसबी हब निघाला, हार्डडिस्क थेट लॅपटॉपला लावली तर सगळं हिरवं. तेव्हा लाल दिसलं की डिलीट करायच्या आधी दोनदा चालवा, आणि तरी वेगवेगळं आलं तर रॅमला मेमटेस्ट लावा.

खरोखर बिघडली तर? दुसरी कॉपी दुसऱ्या हार्डडिस्कवर असलीच पाहिजे, त्याला पर्याय नाही. त्याशिवाय ज्या डिस्क परत मिळणार नाहीत त्यांच्यासाठी मी मल्टीपार हे सॉफ्टवेअर वापरून पार२ नावाच्या दुरुस्तीच्या फाइली करून ठेवतो, दहा टक्के, म्हणजे ४ जीबीला ४०० एमबी. तेवढ्या मापात कुठेही बिघाड झाला तरी फाइल परत पहिल्यासारखी करून मिळते, आणि ठसा परत जुळतो.

ती २०१४ ची फाइल मी अजून ठेवलीय, नाव बदलून "शून्यवाली" केलंय. मावसभाऊ आता स्वतःच्या डिस्क घेऊन येणार म्हणतोय, त्याच्याकडे सत्तर-ऐंशी तरी आहेत आणि माझ्याकडे मित्राचा ड्राइव्ह अजून परत करायचा राहिलाय.